भिमाबाईच्या हातची मशेरी

पेठ रोडच्या त्या कॉलनीत मशेरी कुणाच्या हातची चांगली, असं कुणालाही विचारलं असतं तर भिमाबाईशिवाय दुसरं नाव निघालं नसतं. भाजायला काय, सगळ्याच भाजतात. तवा ठेवला, तंबाखू टाकली, काळी झाली की उतरवली, त्यात कसलं आलंय शास्त्र? पण शेजारची पुतळाबाई भाजायची ती कच्ची राहायची, घसा खवखवायचा. कुणाची जळून राख व्हायची. भिमाबाई आच मंद ठेवायची. ठसका लागून डोळ्यांतून पाणी आलं तरी जागची हलायची नाही, चिमटीत चुरून बघायची आणि नेमक्या वेळेला तवा खाली घ्यायची. मग सुती फडक्यातून चाळून डबीत भरायची. नवरा निवृत्ती पोर लहान असतानाच गेला. तेव्हापासून बाजार समितीतल्या एका गाळ्यावर मेथी-कोथिंबीर निवडून क्रेट भरायचं काम ती करत आलेली. अशा बाईचं कौतुक करायला कुणाला फुरसत असते? मशेरीचं तेवढं व्हायचं, आणि ते ती अगदी मनापासून घ्यायची.

सकाळी कामावर जायच्या आधी तिच्या ओट्यावर बायका जमत. तळहातावर चिमूटभर मशेरी, दातांवर फिरणारं बोट आणि तोंडात गोळा झालेल्या थुंकीतूनच चाललेल्या गप्पा. मधूनच एखादी उठून गटारीत पिंक टाकून यायची. मशेरी लावल्याशिवाय पोट साफ होत नाही, डोकं धरतं, हात चालत नाही, हे सगळ्यांचं एकमत. कुणी शिकलेल्या पोरीने पेस्टचं नाव काढलं की भिमाबाई तिला गप्प करायची.

"पेस्टवरच लिहिलेलं असतं ना, गिळू नका म्हणून? मग जे गिळायचं नाय ते तोंडात घालायचंच कशाला? आपली घरची हाय. भाजली की तंबाखूतलं जे काय वाईट असल ते जळून जातं."

हे सगळ्या आळीला पटलेलं होतं. तिच्या आईलाही पटलेलं होतं, आजीलाही. भाजणं म्हणजे शुद्ध करणं, असा हिशोब. जितकी काळी भाजाल तितकी निर्धोक. आता घरच्या डबीवर कोण लिहिणार, गिळू नका म्हणून?

पण माणसाचं मन बघा कसं असतं. पेस्टला एवढी नावं ठेवणारी ही बाई पोरीसाठी मात्र दुकानातून पेस्ट आणायची, ब्रश आणायची, आणि पोरगी नीट घासते की नाही ते समोर उभी राहून बघायची. रोहिणीने लहानपणी एकदा आईचं बघून बोटाला मशेरी लावून घेतली, तर भिमाबाईने तिच्या थोबाडीत अशी दिली की पोर दिवसभर हुंदके देत राहिली. "दात काळे दिसले की माणूस तोंड उघडायच्या आधीच लोक वळखतात, कुठनं आलीय ती," असं ती पुतळाबाईला म्हणाली होती. पोरीला तिने शिकवलं. कॉलेज, मग डी.एड., मग दिंडोरीकडच्या एका गावात जिल्हा परिषदेच्या शाळेत नोकरी. रोहिणी मॅडम हसायची तेव्हा भिमाबाई तिच्या तोंडाकडे बघत राहायची. लग्नही चांगलं झालं. जावई बुद्धभूषण अंबडच्या कंपनीत, निर्व्यसनी, मऊ बोलणारा. म्हसरूळला त्यांचा फ्लॅट. कार्यक्रमाला विहारात दोघं जोडीने आली की बाईची मान अर्धी वीत उंच व्हायची.

रोहिणीला दिवस गेले आणि पहिल्या महिन्यांतच उलट्यांनी ती बेजार झाली. बाकी सगळ्या वासांचं एक वेळ चालायचं, पण पेस्टचा तो थंड, गोड वास नाकाशी आला की आतडी तोंडात यायची. ब्रश तोंडात घातला की ओकारी. मग काय, नुसत्या पाण्याने चूळ भरायची आणि शाळा गाठायची. व्हायचं तेच झालं. हिरड्या सुजल्या, चावताना रक्त यायला लागलं, एक दाढ अशी ठणकायला लागली की वर्गात फळ्याकडे तोंड करून ती डोळे पुसायची. डॉक्टरांनी साध्या गोळ्या दिल्या, दातांच्या डॉक्टरकडे जा म्हणून सांगितलं. पण पोटुशी बाईने दाताची सुई घ्यायची नसते, असं सासरी कुणीतरी म्हणालं आणि ते राहून गेलं.

एका रविवारी ती आईकडे आली. गाल हाताने दाबून धरलेला, समोरच्या ताटातली भाकरी तशीच. भिमाबाईला बघवेना. बाजूच्या फळीवर डबी होती. जी वस्तू तिने पोरीच्या वाऱ्याला उभी राहू दिली नव्हती, ती तिने स्वतःच्या हाताने काढली. पोरीला जड जाऊ नये म्हणून तिने आधी ती पुन्हा तव्यावर टाकली आणि आणखी काळी केली. माया म्हणून केलं हो. दुसरं काही नाही.

"बोटभर लाव त्या दाढेवर," ती म्हणाली. "जरा गरगरंल. बसून राहा. आणि थुंकून टाक."

रोहिणीने लावली. थोडं गरगरलं, घाम आला, आणि मग ठणका उतरला. मळमळही उतरली. कितीतरी दिवसांनी पोरगी भाकरी जेवली आणि आईच्या मांडीवर डोकं ठेवून झोपली. जाताना भिमाबाईने एक लहान डबी भरून तिच्या पर्समध्ये घातली. दुखेल तेव्हाच लाव, असं बजावलं. असं बजावून कुणाचं व्यसन थांबलं असतं तर दारूची दुकानं केव्हाच बंद झाली असती.

दाढ आठवड्यात शांत झाली. मशेरी राहिली. सकाळी एकदा, मग शाळेत मधल्या सुट्टीत एकदा, मग संध्याकाळी. आणि इथे एक गोष्ट अशी झाली जी ओट्यावरच्या बायकांच्या बाबतीत कधी झाली नसती. त्या थुंकायच्या. गटार समोर, लाज कसली? रोहिणी थुंकणार कुठे? फ्लॅटमध्ये बेसिनला काळं लागलं तर नवरा विचारणार. शाळेत नळावर पोरांची झुंबड. फाटकावर तंबाखूमुक्त शाळेचा बोर्ड, आणि परिपाठाला पोरांकडून तशी शपथ तीच म्हणून घेणार. तिने सोपी वाट काढली. ती गिळायला लागली. हिरडीच्या मागे चिमूट धरायची आणि येईल ती थुंकी घोटाघोटाने पोटात. छातीत जळजळायचं, पोटात आग पडायची. दिवस गेलेत म्हणून होतंय, असं नवऱ्यानेही मानलं, डॉक्टरांनीही, आणि तिनेही मानून घेतलं.

पहिलं बाळंतपण माहेरी, ही रीत. सातव्या महिन्यात ओटी भरून रोहिणी आईकडे आली. भिमाबाईने गाळ्यावरचं काम सोडलं, दिवाण खिडकीखाली ओढला, नवी गोधडी काढली. दोनच दिवसांत तिच्या लक्षात आलं की आपली डबी भराभर उतरतेय. तिला आधी पुतळाबाईचा संशय आला. मग तिने पोरीला नीट बघितलं. बोलायच्या आधी रोहिणी एक घोट गिळायची. हाक मारली तरी आधी घोट, मग 'ओ'.

"थुंकत का नायस तू?" तिने विचारलं.

"सवय झाली," रोहिणी म्हणाली आणि तोंड फिरवलं.

स्वतः एवढी वर्षं लावत आलेली बाई, पण गिळायची नसते एवढं तिला कळत होतं. चुकून एखादा घोट गेला तर तिलाही दरदरून घाम फुटायचा. हिच्या पोटात हे रोज जातंय, आणि त्याच पोटात बाळ आहे.

सोनोग्राफीला बुद्धभूषण रजा काढून आला. डॉक्टरीणबाई वयस्क, चष्म्यावरून बघणाऱ्या. पडद्यावर बराच वेळ काहीतरी मोजत राहिल्या. मग म्हणाल्या की बाळाची वाढ महिन्यांच्या मानाने कमी आहे, वजन भरत नाहीये. आणि त्यांनी विचारलं, "तंबाखू, गुटखा, मशेरी, असं काही? मशेरी मुद्दाम विचारते, बायका ती धरतच नाहीत. भाजली तरी तंबाखूच ती. भाजल्याने विष जात नाही, उलट आणखी वाईट होतं. पोटात गेली की रक्तात जाते आणि बाळाला पोचणारं रक्त कमी करते. असेल तर सांगा, आत्ता थांबवली तरी उपयोग होतो."

"नाही," रोहिणी म्हणाली. एक घोट गिळून म्हणाली.

भिमाबाई शेजारच्या खुर्चीवर होती. तोंड उघडायचं, एवढंच काम. हो म्हणायचं. पण पलीकडे जावई बसलेला. त्याच्यासमोर, परक्या बाईसमोर, आपली मास्तरीण पोर मशेरी खाते म्हणून सांगायचं? आणि दिली कुणी, असं विचारल्यावर मान खाली घालायची? झाकली मूठ सव्वा लाखाची, असं मनाशी म्हणत ती गप्प राहिली. घरी गेल्यावर बंद करू, सांगायची गरजच पडणार नाही, असा तिने विचार केला. डॉक्टरीणबाईंनी चांगलं खायला सांगितलं, डाव्या कुशीवर झोपायला सांगितलं, बाळाच्या हालचालीकडे लक्ष ठेवा म्हणाल्या, आणि पुढच्या बाईला आत बोलावलं.

घरी आल्या आल्या भिमाबाईने डबी गटारीत उपडी केली. तवा माळ्यावर टाकला. "आजपास्नं दोघींची बंद," ती म्हणाली, आणि रोहिणीने मान हलवली. पोरगी खोटी नव्हती. तिलाही सोडायची होती.

पहिला दिवस गेला. दुसऱ्या दिवशी रोहिणीचं डोकं फुटायला लागलं. ती चिडायची, रडायची, ताट ढकलून द्यायची. पोट साफ होईना, झोप लागेना, अन्नाचा घास घशाखाली उतरेना. भिमाबाईचे स्वतःचे हात कापत होते, पण तिचं लक्ष सगळं पोरीच्या ताटावर. बाईंनी सांगितलंय चांगलं खा, आणि ही तर पाणीसुद्धा पीत नाही. बाळाचं वजन भरायचं कसं? चौथ्या दिवशी ती पुतळाबाईकडे गेली आणि चिमूटभर मागून आणली. तिने असा हिशोब केला की थोडी लावली तर पोर दोन घास खाईल आणि खाल्लेलं बाळाला लागेल. कुठल्याही आईने केला असता असा हिशोब, आणि चुकीचाच केला असता. बुडत्याचा पाय खोलात म्हणतात, ते हेच.

रोहिणीने चिमूट घेतली आणि जेवायला बसली. भिमाबाई तिला वाढत राहिली. दुसऱ्या दिवशी तवा माळ्यावरून खाली आला.

बाळाची हालचाल थांबलीय, हे रोहिणीला दुपारी कपडे वाळत घालताना जाणवलं. ती आत येऊन कुशीवर पडली, गोड पाणी प्यायली, पोटावर हात ठेवून वाट बघत राहिली. संध्याकाळ झाल्यावर तिने आईला हाक मारली, आणि ती हाक ऐकताच भिमाबाईला कळलं. रिक्षा करून दोघी दवाखान्यात गेल्या. डॉक्टरीणबाईंनी यंत्र पोटावर फिरवलं, पुन्हा फिरवलं, मग पुसून ठेवलं.

मेलेलं मूल जन्माला घालायलाही कळा याव्याच लागतात. ते सगळं रोहिणीला सोसावं लागलं. मुलगी होती. हातपाय काड्यांसारखे, नाक मात्र हुबेहूब बुद्धभूषणचं. तो तिला पांढऱ्या फडक्यात गुंडाळून घेऊन गेला आणि पुरून आला, आणि आल्यावर बायकोच्या पायाशी बसून लहान पोरासारखा रडला. डॉक्टरीणबाईंना त्याने विचारलं, असं का झालं. त्या म्हणाल्या, नाळेतून रक्त कमी पडलं, कारणं पुष्कळ असतात, प्रत्येक वेळी नेमकं सांगता येत नाही. भिमाबाई भिंतीला टेकून उभी होती. नेमकं सांगता येत नाही, हे शब्द तिने ऐकले आणि तिला वाटलं, यापेक्षा तोंडावर सांगितलं असतं तर बरं झालं असतं. बोट दाखवलं असतं तर निदान रडता आलं असतं.

त्यानंतर भिमाबाईने मशेरी सोडली. खरोखर सोडली. हिरड्या सुजल्या, दात हलायला लागले, पंधरवडाभर ती भुतासारखी घरात फिरायची, पण तिने बोट तोंडात घातलं नाही. सकाळी बायका ओट्यावर आल्या की ती आतूनच सांगायची, आता भाजत नाही म्हणून. आधी त्यांना दुःखामुळे असेल असं वाटलं. मग ती त्यांनाही सांगायला लागली. सोडा, विष आहे ते. भाजून विष जात नाही. एक दिवस पुतळाबाई वैतागली.

"मी पाच पोरं काढली मशेरी लावून," ती म्हणाली. "पाची धडधाकट. तुझ्या नशिबाचं तू आमच्या माथी नको मारू, भिमा."

पाची धडधाकट होती हे खरंच होतं. पण त्या दिवसापासून भिमाबाईच्या डोक्यात दुसरीच गोष्ट घुसली. रोहिणीच्या आधी तिला दोन झाली होती. एक आठव्या महिन्यातच गेलं. दुसरं जन्मलं ते इवलंसं, ओंजळीत मावेल एवढं, आणि बारशाच्या आत गेलं. तेव्हा कुणी म्हणालं दृष्ट लागली, कुणी म्हणालं निवृत्तीच्या घराण्यातच आहे. ती स्वतः रडली, आणि रडून झाल्यावर मशेरी लावून कामाला गेली. आता ती दोन्ही पोरं तिच्यापुढे येऊन बसली. जेवताना यायची, पुन्हा धरलेल्या गाळ्यावरच्या कामात मेथी निवडताना यायची. त्यांचं काय करायचं ते तिला कळेना. इतक्या जुन्या दुःखाला नवं तोंड फुटलं तर ते कुणाला सांगायचं? जी माणसं तेव्हा रडली होती ती आता राहिलीही नव्हती. शेवटी तिने ते पोरीला आणि पुतळाबाईला बोलून दाखवलं.

रोहिणीला पुन्हा दिवस गेले ते दीड-दोन वर्षांनी. बुद्धभूषणने फोन केला तेव्हा त्याचा आवाज आनंदाने चिरकत होता. या वेळी मोठ्या हॉस्पिटलात नाव घातलंय, म्हणाला, जोखमीचं बाळंतपण बघणाऱ्या खास डॉक्टर आहेत, मामी, तुम्ही काही दिवस येऊन राहा. भिमाबाई गेली. म्हसरूळच्या त्या फ्लॅटमध्ये पहिल्याच सकाळी तिने पोरीला 'रोहिणी' म्हणून हाक मारली, आणि आतल्या खोलीतून आधी काहीच आलं नाही, मग 'ओ' आलं. भिमाबाई कणिक मळता मळता थांबली.

जावई कामावर गेल्यावर तिने विचारलं. रोहिणीने लपवलं नाही. लपवून काय उपयोग, आपलेच दात, आपलेच ओठ.

"दोनदा सोडली, आई. सुटत नाही. आता दुकानातली पुडी आणते. शाळेच्या रस्त्यावर एक टपरी आहे, तिथे मला कुणी ओळखत नाही."

"मंग डॉक्टरला सांग. त्या म्हणल्या होत्या ना, थांबवली तर उपेग होतो. औषध देतील काय तरी."

"आणि यांना काय सांगू?" रोहिणी म्हणाली. "की गेल्या वेळी मी खोटं बोलले? पोरगी माझ्यामुळे गेली, तेव्हापासून तुम्ही माझे पाय चेपताय, मला जप जप जपताय, आणि मला सगळं माहीत होतं? तू सांगशील हे?"

रोहिणी जवळ येऊन बसली. तिच्या तोंडाला तोच वास होता, आणि हसताना दात मात्र अजून पांढरेशुभ्र. पेस्टचा वास आता सोसत होता तिला. पुडी झाली की ती दोनदा ब्रश करायची.

"तू सांगितलंस तर माझा संसार मोडेल," रोहिणी हळूच म्हणाली. "मग मी तुझ्या दारात पाय ठेवणार नाही. खरं सांगते."

तो आठवडा भिमाबाईने कसा काढला तिचं तिलाच ठाऊक. एकीकडे पोर, दुसरीकडे पोरीच्या पोटातलं. एकदा गप्प राहून बघितलं होतं, त्याचं काय झालं ते फडक्यात गुंडाळून नेताना तिने बघितलं होतं. तपासणीचा दिवस आला तेव्हा तिचं ठरलं होतं. पोरगी तुटली तरी चालेल. दार बंद केलं तरी चालेल. पण या वेळी विचारलं की हो म्हणायचं.

या डॉक्टर तरुण होत्या, हसतमुख. मागचे सगळे कागद त्यांनी बारकाईने वाचले होते. बुद्धभूषणशी आणि रोहिणीशी त्या मोकळेपणाने बोलल्या, मग प्रश्न विचारायला लागल्या. थायरॉईड, शुगर, घरात कुणाला काही आजार. आणि तो प्रश्न आला. तंबाखू, मशेरी, काही?

"नाही," रोहिणी म्हणाली.

"हो," भिमाबाई म्हणाली. "लावती ती. मशेरी. लावती अन् गिळती. गेल्या टायमाला पण तेच झालतं. मीच दिली होती तिला."

बुद्धभूषणने आधी सासूकडे बघितलं, मग बायकोकडे. रोहिणी चिडली नाही. तिने भिमाबाईचा हात आपल्या हातात घेतला आणि थोपटला. तिच्या डोळ्यांत पाणी आलं होतं, आणि ते खोटं नव्हतं.

"मॅडम, आई गेल्या वेळेपासून अशीच करते," ती म्हणाली. "मशेरी ती लावायची. तेव्हा तिच्या घरी होते ना मी. तिच्या मनाने घेतलंय की तिच्यामुळे बाळ गेलं. ओट्यावरच्या बायकांनाही सांगत सुटते, विष आहे म्हणून. तिची स्वतःची दोन मुलं गेलीत, तेही आता मशेरीमुळेच, असं म्हणते."

प्रत्येक शब्द खरा होता. पुतळाबाईला विचारलं असतं तर तिनेही हेच सांगितलं असतं.

डॉक्टरांनी मान कलती करून भिमाबाईकडे बघितलं. बाई मनाने चांगल्या होत्या, हेच वाईट झालं. "आजी," त्या म्हणाल्या, "तुम्ही मशेरी सोडलीत ना? फार चांगलं केलंत. पण असं स्वतःला दोषी धरायचं नाही. मूल गेलं की घरातली आई असाच विचार करते. तुमच्यामुळे काही झालेलं नाही."

"माझ्यामुळं झालं का नाय, ते ऱ्हाऊ द्या," भिमाबाई म्हणाली. "ती अजून लावती, ते सांगते. पर्समधी पुडी हाय तिच्या. बघा तुम्ही."

पर्स रोहिणीच्या मांडीवर होती. तिने ती उचलली नाही की लपवली नाही, नुसते दोन्ही हात तिच्यावर ठेवले. डॉक्टर रोहिणीकडे बघून ओशाळं हसल्या. एका शिक्षिकेची पर्स उघडून बघायची, ती तिच्या म्हाताऱ्या आईच्या सांगण्यावरून, असं कुठली डॉक्टर करेल? बुद्धभूषणही करणार नव्हता. तो उठला, खांद्याला धरून त्याने सासूला उभं केलं. त्याच्या हातात अजिबात जोर नव्हता.

"मामी, चला. जरा बाहेर बसू."

बाहेरच्या बाकावर त्याने तिला बसवलं. कोपऱ्यातल्या मशीनमधून चहा आणला, गरम आहे, सांभाळून, म्हणाला. मग शेजारी बसून तिच्याशी बोलत राहिला. तुमचा कुणाला राग नाही, म्हणाला. तुम्ही एकट्या राहता म्हणून डोक्यात असले विचार येतात. बाळ झालं की इकडेच राहायला या. तोवर नाशिक रोडला एक डॉक्टर आहेत, मनाच्या आजाराचे, चांगले आहेत असं ऐकलंय, त्यांना एकदा दाखवू. लाजायचं काही कारण नाही. भिमाबाई ऐकत होती. तिला त्याचा इतका कळवळा आला की आपण काय सांगायला आलो होतो ते तिला धड आठवेना. मग आठवलं. तिने त्याचा हात घट्ट धरला.

"भूषणराव, माझं एवढं ऐका," ती म्हणाली. "मी खुळी नाय झाले."

"नाही हो मामी. कोण म्हणतं तसं?"

तेवढ्यात आतलं यंत्र सुरू झालं. दार नुसतं लोटलेलं होतं. बाळाच्या काळजाचे ठोके साऱ्या कॉरिडॉरला ऐकू यायला लागले, भराभर, एकावर एक, धावत सुटल्यासारखे. बुद्धभूषणच्या चेहऱ्यावरचं सगळं ओझं उतरलं.

"ऐकलं का मामी?" तो म्हणाला.

"ऐकलं," भिमाबाई म्हणाली.

तो तिच्या हातातून आपला हात सोडवून घेऊन उठला, आत गेला, आणि त्याने दार लावून घेतलं.